लाल चेहऱ्याचा कप्पा

कप्पा म्हणजे जपानी लोककथांतला पाण्यात राहणारा खोडकर जीव. तो पकडण्याचा रीतसर परवाना मिळतो, हे मला तोनोला गेल्यावर कळले. जपानच्या ईशान्येला, इवाते प्रांतातल्या डोंगरांच्या वेढ्यात हे गाव आहे. हानामाकीहून निघणारी छोटी गाडी भातखाचरांमधून रमतगमत तिथे पोचते आणि स्टेशनाबाहेर पाऊल टाकताच समोरची पोलीस चौकीसुद्धा कप्प्याच्या तोंडवळ्याची बांधलेली दिसते. परवाना म्हणजे खिशात मावेल एवढे कार्ड. त्यावर नियम छापलेले आहेत. कप्पा जिवंत पकडावा, त्याला इजा करू नये. त्याच्या डोक्यावरच्या बशीतले पाणी सांडू देऊ नये. धातूचे अवजार वापरू नये. आमिष म्हणून ताजी भाजीच लावावी. पकडलेल्या कप्प्याचा चेहरा लालभडक आणि तोंड मोठे असावे. आणि पकडल्यावर पर्यटन संघटनेची मान्यता घ्यावी. एखाद्या सरकारी परिपत्रकाला शोभेल अशा गांभीर्याने लिहिलेले ते नियम वाचून मला हसू आवरेना. कार्ड पर्समध्ये टाकून, भाड्याच्या सायकलवर बसून मी जोकेन्जी देवळामागच्या कप्पाबुचीकडे, म्हणजे कप्प्याच्या डोहाकडे निघाले.

उन्हाळ्याचे दिवस होते. वाटेत हॉप्सचे, म्हणजे बिअरमध्ये घालतात त्या फुलांच्या वेलींचे, मळे लागले. उंच खांबांवर चढवलेल्या वेलींच्या हिरव्या भिंतींमधून जाताना कडवट, ओलसर वास येत होता. डोह म्हणावे असे तिथे फारसे काही नाही. झाडीखालून वाहणारा उथळ ओढा एका वळणावर जरा रेंगाळतो, आणि काठावर बांबूच्या काठ्या लावून त्यांच्या दोऱ्यांना काकड्या बांधलेल्या असतात. एक आजी आणि तिचा नातू माझ्याआधीच तिथे आले होते. नातवाने काठी धरली होती आणि आजी त्याला खोटेखोटे घाबरवत होती. दोघेही खिदळत होते. तिथेच काठावर एक लहानशी देवळी आहे. आत डोकावले तर लाल आणि पांढऱ्या कापडाचे, आत कापूस भरून शिवलेले स्तन मांडून ठेवलेले. अंगावर पाजणाऱ्या बायकांना दूध यावे म्हणून तिथे साकडे घालतात आणि हे कापडी स्तन शिवून वाहतात. नातवाने बोट दाखवून "हे काय?" म्हणून विचारले. "बाळांसाठी आहे ते," एवढेच सांगून आजीने त्याचा हात धरला आणि त्याला पुन्हा काकडीकडे वळवले. तेवढ्यापुरते तिचे हसणे थांबले होते. काकडीची गंमत आणि दुधाचा नवस एकाच काठावर कसे, हा प्रश्न मला परतीच्या गाडीत छळू लागला, आणि पुढे या खोडकर मंडळींविषयी हाती लागेल ते वाचत गेले तसा तो अधिकच किचकट होत गेला.

कप्पा अंगाने लहान मुलाएवढा असतो. पाठीवर कवच, बोटांना पडदे, अंगाला मासळीचा वास आणि टाळूवर एक खळगा, ज्यात पाणी साठलेले असते. त्याची सारी ताकद त्या पाण्यात. तो घोड्यांना नदीत ओढतो, पोहणाऱ्या पोरांचे पाय धरतो, शौचकूपात दबा धरून बसतो आणि आलेल्या बाईला खालून हात लावतो. बुडणाऱ्या माणसाच्या गुदद्वारातून तो 'शिरिकोदामा' नावाचा गोळा काढून घेतो अशीही समजूत आहे. पाण्यातून काढलेल्या प्रेताचे सैल पडलेले स्नायू पाहून ती रूढ झाली असावी, असे स्पष्टीकरण दिले जाते. म्हणजे मुळात हे प्रकरण साधेसुधे नाही. पण हाच कप्पा शिष्टाचाराचा इतका पक्का, की आपण कमरेत वाकून नमस्कार केला तर तोही वाकून उलट नमस्कार करतो, टाळूवरचे पाणी सांडते आणि तो लुळा पडतो. सुमो कुस्तीचा त्याला भारी नाद. काकडी दिसली की त्याचे भान हरपते. खोडी काढताना पकडला गेला आणि कोणी त्याचा हात तोडला, तर रात्री दाराशी येऊन गयावया करतो, पुन्हा या वाटेला येणार नाही असा माफीनामा लिहून देतो आणि हात परत मिळाल्याच्या बदल्यात मोडलेले हाड सांधण्याचे औषध शिकवून जातो. माणसाला बुडवून मारणारा जीव आणि दिलेला शब्द पाळणारा, नमस्काराला नमस्कार करणारा हा भिडस्त जीव एकच आहे, यात जपानी खेड्यातल्या कोणाला विसंगती वाटली नसावी. नदीही तशीच असते. तीच शेत पिकवते आणि तीच पोर ओढून नेते.

कोकणातल्या वाचकाला इथे गिऱ्हा आठवल्यावाचून राहणार नाही. तोही पाण्यातला, तोही चकवणारा, रात्री ओळखीच्या आवाजात हाक मारून माणसाला खोल पाण्यात नेणारा. त्याच्या शेंडीचा केस कापून लपवून ठेवला की तो आपला गडी होऊन राबतो आणि केस हाती लागला की सूड घेऊन निघून जातो, असे सांगतात. लहानपणी ही गोष्ट ऐकताना मला गिऱ्ह्याची भीती वाटायची. आता वाटते, त्या गोष्टीत जास्त भीतिदायक कोणी असेल तर तो केस लपवणारा घरधनी. कप्प्याच्या गोष्टीत असे कोणी कोणाला राबवून घेत नाही. तिथे बोलणी होतात, अटी ठरतात आणि दोन्ही बाजू त्या पाळतात.

तोनोच्या अशा गोष्टी सासाकी किझेन नावाच्या तिथल्याच एका तरुणाने यानागिता कुनिओ या सरकारी नोकरीतल्या विद्वानाला सांगितल्या, आणि यानागिताने १९१० साली 'तोनो मोनोगातारी' या नावाने त्या छापल्या. ११९ छोट्या नोंदी, पहिल्या आवृत्तीच्या अवघ्या ३५० प्रती. जपानी लोकसाहित्याचा अभ्यास इथून सुरू झाला असे मानतात. त्यातली कप्प्याची एक गोष्ट मला फार आवडते. एक पोरगा घोड्याला गार करायला कोगारासे नदीच्या डोहावर नेतो आणि खेळायला निघून जातो. कप्पा घोड्याला ओढू पाहतो, पण घोडाच त्याला फरफटत तबेल्यापर्यंत घेऊन येतो. भेदरलेला कप्पा घोड्याच्या दाण्याची लाकडी डोण स्वतःवर पालथी घालून तिच्याखाली लपतो. डोण पालथी कशी, म्हणून लोक ती जराशी उचलतात तो कप्प्याचा हात बाहेर येतो. मग गावची पंचायत बसते. मारावे की सोडावे यावर खल होतो आणि शेवटी, या गावच्या घोड्यांच्या वाटेला पुन्हा जाणार नाही असे वदवून घेऊन त्याला सोडून देतात. तो कप्पा आता ते गाव सोडून दुसऱ्या डोहात राहायला गेला आहे, अशी माहितीही यानागिता शेजाऱ्याचा बदललेला पत्ता सांगावा इतक्या सहजपणे देतो.

पण याच पुस्तकात, याच्या दोन-तीन पाने आधी, कप्प्याची दुसरीही एक गोष्ट आहे.

नदीकाठच्या एका घरातल्या बाईकडे रात्री कप्पा येऊ लागतो. घरच्यांना संशय येतो, ते पहारा ठेवतात, पण काही उपयोग होत नाही. बाईला दिवस जातात. अवघड बाळंतपणानंतर जे मूल होते त्याच्या बोटांना पडदे असतात. त्या मुलाचे तुकडे करून ते एक शो मापाच्या, म्हणजे जेमतेम १.८ लिटरच्या, लाकडी पिंपांमध्ये भरून जमिनीत पुरले गेले, असे यानागिता लिहितो. ना हळहळ, ना भाष्य. पुढे एका नोंदीत तो म्हणतो की इतर प्रांतांत कप्प्याचा चेहरा हिरवट-निळसर सांगतात, तोनोचा कप्पा मात्र लाल चेहऱ्याचा असतो. परवान्यावरचा तो नियम इथून आला आहे. नुकत्या जन्मलेल्या मुलाचा चेहराही लालच असतो.

हा भाग दुष्काळाचा. प्रशांत महासागरावरून उन्हाळ्यात थंड वारे आत शिरले की या भागातले भात निसवत नाही, आणि अठराव्या शतकात अशी वर्षे लागोपाठ आली. तोनोजवळच्या जंगलात ओढ्याच्या पात्रात विखुरलेल्या धोंड्यांवर कोरलेले पाचशे अर्हत, म्हणजे बुद्धाचे मुक्त झालेले शिष्य, आहेत. त्या शतकात भुकेने मेलेल्यांसाठी एका बौद्ध भिक्षूने ते कोरले. आज त्यांवर इतके शेवाळ चढले आहे की दगड कुठला आणि चेहरा कुठला, हे हात फिरवल्याखेरीज समजत नाही. अशा वर्षांत खायची तोंडे कमी करावी लागत. साठी उलटलेल्यांना गावाबाहेरच्या माळावर नेऊन सोडत, हे 'तोनो मोनोगातारी'तच आहे. आणि भाताच्या रोपांची विरळणी करावी तशी नवजात मुलांची विरळणी होई. कोणी जमिनीत पुरत, कोणी नदीला देत. कप्प्याचा लाल चेहरा हा त्या पोरांचा चेहरा, असा तर्क तोनोच्या संदर्भात वारंवार मांडला जातो. तो सिद्ध करता येणार नाही आणि सगळ्या जपानातल्या कप्प्यांना तो लागूही पडत नाही. कप्पा मूळचा पाण्याचा देव, पुढे पदावरून घसरलेला, असे यानागिताचे स्वतःचे म्हणणे होते. तरीही कापडी स्तनांची ती देवळी डोळ्यांसमोर आली की मला हा तर्क झटकून टाकता येत नाही. ज्या काठावर मूल सोडले असेल, त्याच काठावर पुढच्या मुलाला पाजायला दूध मागायचे, यापेक्षा सरळ हिशेब आणखी काय असू शकतो?

कप्प्याच्या बाबतीत जी गोष्ट तर्क म्हणून उरते, ती झाशिकी-वाराशीच्या बाबतीत जवळजवळ उघड आहे. हा त्याच प्रदेशातला घरात राहणारा जीव. वय पाच-सहापासून बारा-तेरापर्यंत, बॉबकट, गाल लालचुटूक, कधी मुलगा तर कधी मुलगी. बैठकीच्या खोलीत त्याचा मुक्काम असतो. कोणी नसलेल्या खोलीत कागद चुरगाळल्याचा आवाज येतो, नाक ओढल्याचा आवाज येतो, पाहुणा झोपला की त्याची उशी डोक्याखालून पायाशी जाते, चुलीतल्या राखेत सकाळी लहान पावले उमटलेली दिसतात. घरातली दहा मुले खेळत असतात आणि मोजायला जावे तर अकरा भरतात. अनोळखी चेहरा एकही नाही, तरी एक जास्त. मोठ्यांना तो बहुधा दिसत नाही. मात्र तो आहे तोवर घराला बरकत असते आणि तो निघून गेला की घर बसते, म्हणून त्याच्या खोड्यांवर कोणी रागावत नाही, उलट आझुकी या लाल कडधान्याचे दाणे घालून शिजवलेला तांबूस भात त्याच्यासाठी काढून ठेवतात. सासाकीने १९२० साली या एकाच जिवावर स्वतंत्र पुस्तक काढले. त्याने नोंदवले आहे की त्या भागात मारलेले अर्भक स्मशानात नेत नसत. घराच्याच आत, उंबऱ्यापाशी किंवा मातीच्या जमिनीखाली पुरत. झाशिकी-वाराशी म्हणजे तेच.

हे वाचले तेव्हा रात्र झाली होती, आणि मी पुस्तक मिटून स्वयंपाकघरात जाऊन विनाकारण भांडी आवरत बसले.

भुताखेतांच्या आपल्या कल्पनेप्रमाणे अशा मुलाने सूड घ्यायला हवा. रात्री रडायला हवे, आईला झपाटायला हवे, घराचा निर्वंश करायला हवा. जपानातही सूड घेणाऱ्या आत्म्यांची वाण नाही. तिथल्या रंगभूमीचा मोठा भाग त्यांच्यावरच उभा आहे. पण या मुलांना त्या प्रांतातल्या लोकांनी सूड घ्यायला लावले नाही. त्यांना कागद चुरगाळू दिला, उशा पळवू दिल्या, राखेत पावले उमटवू दिली. जगले असते तर त्यांनी हेच केले असते. यात आईबापांची स्वतःची सुटका करून घेण्याची धडपड आहे हे मला कळते आणि त्याचा थोडा रागही येतो. मेलेल्या पोराकडून वर बरकतीची अपेक्षा ठेवायची, हा स्वार्थ नाहीतर काय! पण रागावून झाल्यावर पुन्हा त्या अकराव्या मुलाकडे पाहिले की जीभ रेटत नाही.

'तोनो मोनोगातारी'त यामागुची नावाच्या गावातल्या एका धनाढ्य घराची हकीकत आहे. त्या घरात दोन मुलींच्या रूपातले झाशिकी-वाराशी राहत. एका संध्याकाळी गावातल्या माणसाला पुलाजवळ दोन अनोळखी, देखण्या मुली भेटतात, काहीशा चिंतेत. कुठून आलात विचारल्यावर त्या घराचे नाव सांगतात आणि आता आम्ही अमक्या गावच्या अमक्याकडे चाललो आहोत म्हणतात. माणूस मनात म्हणतो, संपले ते घर. थोड्याच काळात परसातल्या नाशपातीच्या झाडाखाली उगवलेली अळिंबी खाऊन त्या घरातली मालक-नोकर मिळून वीसहून अधिक माणसे एका दिवसात मरतात. सात वर्षांची एक मुलगी तेवढी वाचते. ती बाहेर खेळात इतकी रमली होती की दुपारी जेवायला घरी यायचेच विसरली. हुंदडणारी मुलगी म्हणून तिच्या आईने तिला हाका मारल्या असतील, आली नाही म्हणून शिव्याही घातल्या असतील. यानागिता त्याबद्दल काही लिहीत नाही. त्या नातलगहीन मुलीचे म्हातारपण अपत्याविना गेले आणि अलीकडेच ती आजाराने वारली, एवढे मात्र सांगतो.

याच प्रांतात, निनोहे गावच्या किंदाइची गरम झऱ्यांपाशी, र्‍योकुफूसो नावाचे जुने विश्रामगृह आहे. तिथे कामेमारो नावाचा झाशिकी-वाराशी राहतो अशी ख्याती आहे. मध्ययुगातल्या यादवीत पळ काढलेल्या घराण्यातला, सहाव्या वर्षी आजाराने गेलेला मुलगा. तो दिसला की नशीब उघडते, म्हणून तिथल्या एका विशिष्ट खोलीसाठी माणसे वाट पाहायची आणि येताना बाहुल्या, चेंडू, मोटारी घेऊन यायची. ती खोली खेळण्यांनी शिगोशीग भरलेली असे. २००९ च्या ऑक्टोबरात ते विश्रामगृह आगीत जळाले. २०१६ मध्ये नव्याने उभे राहिले, आणि खेळणी पुन्हा येऊ लागली. या साऱ्या प्रकारात पैशाचा वास आहे असे कोणी म्हटले तर मी वाद घालणार नाही. नशीब उघडायला येणारा माणूस काही त्या मुलासाठी येत नाही. तरी खेळणे निवडताना, दुकानात उभे राहून, सहा वर्षांच्या पोराला काय आवडेल याचा विचार त्याला करावाच लागत असेल.

जपानी खोडकरांची फौज अर्थात एवढ्यावर संपत नाही. तोरियामा सेकिएन या चित्रकाराने १७७६ साली त्यांची चित्रमय सूचीच छापली आणि एदोच्या, म्हणजे आजच्या तोक्योच्या, शहरी वाचकांनी ती करमणूक म्हणून उचलून धरली. ती चित्रे पाहताना जाणवते की यातले पुष्कळसे जीव म्हणजे निव्वळ आवाज आहेत, किंवा एखादी बारीकशी गैरसोय. रात्री लाकडी घर करकरते, ते 'यानारी' नावाची चिमुकली भुते घर हलवतात म्हणून. ओढ्याकाठी कोणीतरी कडधान्य धुतल्यासारखी सळसळ ऐकू येते, तो 'आझुकिआराई'. न घासलेल्या न्हाणीघराची किटणे चाटायला 'आकानामे' येतो, आणि तो येऊ नये एवढ्यासाठी न्हाणीघर घासावे लागते. या कल्पनेमागे एखादी हुशार सासू असणार. या सगळ्यांत माझा लाडका 'बेतोबेतो-सान'. अंधाऱ्या रस्त्याने एकटे जाताना मागे कोणाची तरी पावले वाजतात. आपण थांबलो की थांबतात, निघालो की निघतात. नारा भागातला उपाय असा की बाजूला सरावे आणि म्हणावे, "बेतोबेतो-सान, आपण पुढे व्हा." पावले पुढे निघून जातात. मंत्र नाही, अंगारा नाही. नुसती वाट दिली की काम भागते. ऑफिसातून उशिरा परतताना, स्टेशनापासून घरापर्यंतच्या गल्लीत, मी हे वाक्य मनातल्या मनात म्हटलेले आहे आणि त्याने मला बरे वाटलेले आहे, हे कबूल करायला मला संकोच वाटत नाही.

या साऱ्याला अंधश्रद्धा ठरवून मुळापासून उपटू पाहणारा एक माणूस मेजी काळात, म्हणजे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जपान आधुनिक होत असताना, होऊन गेला. इनोउए एन्र्‍यो (१८५८–१९१९) हा बौद्ध मठात जन्मलेला तत्त्वज्ञ. आजच्या तोयो विद्यापीठाचा संस्थापक. १८८० च्या दशकात 'कोक्कुरी-सान'चे खूळ माजले होते. तीन काठ्यांच्या तिकाटण्यावर झाकण ठेवून त्यावर हात टेकायचे आणि आलेल्या आत्म्याला प्रश्न विचारायचे, आपल्याकडच्या प्लँचेटचाच हा भाऊबंद. हात टेकणाऱ्यांच्याच नकळत होणाऱ्या हालचालींनी ते हलते, असे त्याने १८८७ मध्ये दाखवून दिले. मग गावोगाव फिरून त्याने हजारो व्याख्याने दिली. लोक त्याला 'योकाईंचा', म्हणजे अशा भुताखेतांचा आणि अद्भुत जिवांचा, 'डॉक्टर' म्हणू लागले, आणि भुते पळवायला निघालेल्या माणसाकडेच सगळ्या देशाच्या भुतांचा संग्रह जमा झाला. तोक्योच्या नाकानो भागात त्याने उभारलेले तत्त्वज्ञानाचे उद्यान आहे. त्याच्या एका दरवाजाच्या दोन बाजूंना द्वारपाल म्हणून त्याने बसवले ते एक भूत आणि एक तेंगू, म्हणजे डोंगरात राहणारा लांब नाकाचा जीव. यानागिताला एन्र्‍योची पद्धत पटत नव्हती. भूत आहे की नाही हे ठरवत बसण्यापेक्षा लोकांना ते का दिसले, हे विचारावे असा त्याचा आग्रह. मला यानागिता जवळचा वाटतो हे उघड आहे, पण एन्र्‍योचा द्वेष करणे मला जमत नाही. कोल्ह्याने झपाटले म्हणून आजारी बायकांना मारहाण होत असे त्या काळातला तो माणूस. खोडकर जिवांची गोडी चाखायला आधी त्यांच्यापासून सुरक्षित अंतर लागते, आणि ते अंतर आपल्याला अशाच माणसांनी मिळवून दिले आहे.

कोल्ह्यावरून आठवले. ऊन पडलेले असताना पाऊस आला की कोल्ह्याचे लग्न लागते, हे आपल्याकडच्या पोरांइतकेच जपानी पोरांनाही ठाऊक असते. कोल्हा आणि तानुकी हे तिथले सोंग घेण्यात पटाईत असे दोन प्राणी. त्यातला तानुकी, म्हणजे कोल्ह्याच्याच कुळातला एक केसाळ रानप्राणी, जरा बावळा. जपानात १८७२ साली रेल्वे सुरू झाली आणि थोड्याच वर्षांत निरनिराळ्या मार्गांवरचे चालक एकच अनुभव सांगू लागले: रात्री समोरून, त्याच रुळांवरून, शिट्टी वाजवत दिवा लावलेली गाडी येते, घाबरून ब्रेक लावावा तर समोर काहीच नसते. एके रात्री एक चालक ब्रेक न लावता तसाच पुढे गेला. सकाळी रुळांच्या कडेला तानुकी मरून पडलेला सापडला. तोक्योच्या कामेआरी भागातल्या केन्शोजी देवळात अशाच मेलेल्या जिवाचा चौथरा आहे. इंजिनाने ज्यांचे रान तोडले त्यांनी इंजिनाचेच सोंग घेऊन पाहिले, आणि ते सोंग त्यांना पेलले नाही.

यानंतर ही मंडळी चित्रांत, खेळण्यांत आणि बिस्किटांच्या पुड्यांवर राहायला गेली, असे सहसा म्हटले जाते. मिझुकी शिगेरू या चित्रकथाकाराचा त्यात मोठा वाटा. दुसऱ्या महायुद्धात पॅसिफिकमधल्या राबाउलला डावा हात गमावून परतलेला, लहानपणी गावातल्या एका म्हातारीकडून या गोष्टी ऐकलेला माणूस. त्याच्या साकाइमिनातो गावी रस्त्याच्या दोन्ही बाजूंना योकाईंचे पावणेदोनशेहून अधिक ब्राँझचे पुतळे आहेत. पण खोडकर मुलांची पैदास थांबली म्हणावे, तर तसे झालेले नाही. जपानी शाळांत 'हानाको-सान' राहते. मुलींच्या स्वच्छतागृहात, तिसऱ्या मजल्यावर, तिसऱ्या दारावर तीनदा टकटक करून "हानाको-सान, आहेस का?" असे विचारले की आतून "हो" असे उत्तर येते. ती कोण, याच्या अनेक हकीकती मुले सांगतात. लपाछपी खेळताना हवाई हल्ल्यात सापडलेली मुलगी, ही त्यांतली एक. १९८० च्या दशकात ती देशभर पसरली, पण तिची जुनी आवृत्ती युद्ध संपल्यानंतरच्या काही वर्षांतली आहे: तिसऱ्या शौचकूपात बसले की 'तिसरी हानाको' म्हणून हाक येते आणि खालून एक पांढरा हात वर येतो. ती आवृत्ती नोंदली गेली ती इवाते प्रांतातल्या कुरोसावाजिरी गावच्या एका शाळेतून, म्हणजे जिथल्या शौचकूपांतून पूर्वी कप्प्याचा हात वर यायचा त्याच मुलखातून. हानाकोला अजून कोणत्या पर्यटन संघटनेची मान्यता नाही, आणि तिच्यापर्यंत न्यायला कोणा आजीचीही गरज पडलेली नाही. मुलांनीच ती मुलांना सांगितली आणि शिक्षकांना कळू दिली नाही.